भोसल्यांची सरिता, गुजरातीची बा

एखादी नटी कोणत्या भाषेची, हे आपण कसे ठरवतो? तिच्या आईवडिलांच्या बोलीवरून, की तिने रंगमंचावर उच्चारलेल्या शब्दांवरून? हा प्रश्न माझ्या डोक्यात शिरला तो सरिता जोशी यांच्यामुळे. २००५ ते २०१० या काळात स्टार प्लसवर ‘बा बहू और बेबी’ नावाची हिंदी मालिका चालायची. एकत्र कुटुंब, घरभर मुले-सुना-नातवंडे, आणि या सगळ्यांच्या डोक्यावर गोदावरी ठक्कर नावाची एक म्हातारी. सगळे तिला ‘बा’ म्हणत. आमच्याकडे गोव्यातही ही मालिका आवडीने पाहिली जायची आणि पाहणाऱ्यांचा एकच शेरा ठरलेला असायचा, “बाई मात्र अस्सल गुजराती हं!”

ही अस्सल गुजराती बाई मूळची सरिता भोसले. वडील भीमराव भोसले हे बॅरिस्टर, मराठी. आई कमलाबाई राणे, गोव्याच्या. सरिताबाईंचा जन्म १७ ऑक्टोबर १९४१ चा, पुण्यातला. आणि बालपण गेले ते बडोद्यात. राणे हे आडनाव वाचल्यावर कोणाही गोंयकाराचे कान टवकारतात तसे माझेही टवकारले. पण आईचे माहेर गोव्यातले म्हणून ही बाई ‘आपली’, असा दावा ठोकण्यासाठी हा लेख नाही. तिच्या कारकिर्दीतून भाषेविषयी जे शिकता येते ते मला अधिक मोलाचे वाटते.

ते समजण्यासाठी आधी बडोदे समजून घ्यायला हवे. अठराव्या शतकात गायकवाडांनी गुजरातेत पाय रोवले आणि त्यांच्यामागून कारकून, पुराणिक, शिपाई, वैद्य, गवई अशी मराठी माणसे तिथे जाऊन वसली. सयाजीराव महाराज (१८६३-१९३९) यांच्या कारकिर्दीत या वस्तीला खरा बहर आला. दांडिया बाजार, रावपुरा, सलाटवाडा, नागरवाडा ही जुन्या शहरातल्या भागांची नावे बडोदेकर मराठी माणसाच्या तोंडून ऐकताना आपण गुजरातेत आहोत हे विसरायला होते. आता नागरवाडा हेच नाव घ्या. ‘नागर’ म्हटले की नागर ज्ञातीची गुजराती मंडळी डोळ्यांसमोर येतात, आणि ‘वाडा’ म्हटले की आपले चौसोपी घर. तो शब्द तिथे गुजराती अर्थाने आला की मराठी, याची चिकित्सा करत बसण्याचे कारण नाही. अशा वस्त्यांत राहणाऱ्या माणसाला दोन्ही अर्थ एकदमच कळत असतात.

मराठी साहित्य संमेलने बडोद्यात १९०९, १९२१ आणि १९३४ साली भरली, आणि मग बऱ्याच काळाने २०१८ साली. गंधर्व नाटक मंडळीला महाराजांचा आश्रय होता. म्हणजे बडोदे हे मराठी रंगभूमीचेही एक घर होते. मात्र हे घर होते गुजराती मुलखात. दिवाणखान्यात मराठी आणि दारापुढच्या रस्त्यावर गुजराती, असा तिथला रिवाज. राज्य मराठ्यांचे असले तरी भाजीवाली गुजरातीच बोलणार! १ मे १९४९ रोजी बडोदे संस्थान मुंबई राज्यात विलीन झाले, तेव्हा सरिता आठ वर्षांचीही नव्हती. तिच्या पिढीतल्या मराठी मुलांना दरबाराचा आधार उरला नाही. रस्त्यावरची गुजराती मात्र राहिली.

घरची परिस्थिती ओढग्रस्तीची झाली आणि भोसल्यांच्या दोन मुली लहान वयातच नाटकात काम करू लागल्या. थोरली पद्मा, धाकटी सरिता. ‘हौस म्हणून रंगभूमीवर आल्या’ असे पुष्कळ नटींच्या चरित्रात लिहिलेले असते. इथे तसे नव्हते. इथे चार पैसे घरात यायला हवे होते. अभिनेत्री अरुणा इराणी यांचे वडील फरेदून इराणी यांची नाटक मंडळी होती. त्यांनी या बहिणींना रंगमंचावर पाहिले आणि त्यांना मुंबईला आणले. बडोद्याच्या मराठी घरातल्या दोन मुली एका इराणी गृहस्थाच्या पारखीमुळे मुंबईच्या गुजराती रंगभूमीवर जातात, हे आजच्या भाषिक अस्मितेच्या दिवसांत कोणाला कादंबरीतले वाटेल. त्या काळच्या नाटकधंद्यात मात्र ते रोजचेच होते.

ज्या रंगभूमीवर त्या गेल्या तिचा थाट आपल्या संगीत रंगभूमीची आठवण करून देणारा होता. आपल्याकडे बालगंधर्व (१८८८-१९६७), तर गुजरातीत जयशंकर ‘सुंदरी’ (१८८९-१९७५). दोघेही पुरुष, दोघेही स्त्रीभूमिकांसाठी डोक्यावर घेतलेले, वयात जेमतेम वर्षाचे अंतर. एका भूमिकेवरून मिळालेले ‘सुंदरी’ हे नाव जयशंकर भोजकांना आयुष्यभर चिकटले. तिकडेही पदांना वन्समोअर मिळत, तिकडेही पेटीवाला आणि तबलजी यांच्यावाचून नाटक उभे राहत नसे. मुंबईत काळबादेवीच्या भांगवाडीत देशी नाटक समाजाचे बिऱ्हाड होते. स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनी करण्याचा काळ आला तेव्हा या रंगभूमीला तयार मुली हव्या होत्या. त्या गुजरातीच घरातल्या असाव्यात असा कोणाचा आग्रह नव्हता. बोलणे चोख असले की झाले.

पण ‘बोलणे चोख’ हे दोन शब्द लिहायला सोपे आहेत. मराठी माणसाला गुजराती लवकर येते असे आपण समजतो, कारण दोन्ही भाषा शेजारणी. लिंगे तीन, नाती तीच, शिव्यासुद्धा पुष्कळशा सामाईक. खरी मेख उच्चारात आहे. मराठीत ‘च’ दोन तऱ्हेचा, चांगल्यातला वेगळा आणि चिंचेतला वेगळा. गुजरातीत हा भेद नाही, त्यामुळे मराठी जीभ तिथे पटकन उघडी पडते. उलट गुजरातीत ‘ए’ आणि ‘ओ’ दोन-दोन तऱ्हेचे आहेत, अरुंद आणि पसरट. गुजराती माणूस गूळ आणि गोल या दोन्हींसाठी लिहिताना एकच शब्द लिहितो, ‘गोळ’. बोलताना ‘ओ’ बदलतो. शिवाय ‘बहेन’सारख्या शब्दात ‘ह’ वेगळा न उमटता स्वरातच विरघळतो आणि आवाजाला एक हलकी फुंकर लागते. मराठी कानाला हे चटकन जाणवत नाही. आम्हां कोकणी बोलणाऱ्यांना ‘ए’ आणि ‘ओ’ चे हे दुहेरी रूप घरचेच असल्यामुळे निदान त्याची जात कळते. व्याकरण पुस्तकातून शिकता येईल, पण ही फुंकर पुस्तकातून येत नाही. ती लहानपणी कानातून आत जावी लागते, किंवा मग जन्मभर मेहनत करावी लागते. सरिताबाईंच्या बाबतीत कान बडोद्याने दिला आणि मेहनत रंगभूमीने करून घेतली, असे मला वाटते.

या मेहनतीला पुढे योग्य माणूस भेटला. इंडियन नॅशनल थिएटर ही संस्था १९४४ साली मुंबईत उभी राहिली. दामू झवेरी हे तिचे खंदे आधार. याच संस्थेच्या गुजराती विभागात प्रवीण जोशी नावाच्या दिग्दर्शकाने साठ-सत्तरच्या दशकांत गुजराती नाटकाचा चेहरामोहरा बदलून टाकला. जुन्या थाटातले पल्लेदार संवाद मागे पडले. नेटके नेपथ्य, प्रकाशयोजना, आजच्या माणसाचे बोलणे आले. सरिता भोसले त्यांच्या नाटकांत नायिका झाल्या, त्यांच्याशी लग्न झाले आणि सरिता जोशी झाल्या. हे जोशी गुजराती, हे सांगायला हवे. नाहीतर ‘जोशी म्हणजे आपलेच’ असा समज करून घेणारे वाचक मला ठाऊक आहेत! ‘कुमारनी अगाशी’, ‘मोती वेराणां चोकमां’ अशी एकाहून एक निराळी नाटके त्यांनी केली. जुन्या कंपनीच्या नाटकात वाढलेली नटी नव्या धाटणीच्या नाटकात सहसा तग धरत नाही, कारण आवाज फेकण्याची सवय जात नाही. सरिताबाईंनी ती टाकली. अष्टपैलू हा शब्द आपण फार स्वस्त केला आहे. पण एका आयुष्यात अभिनयाची पद्धतच मुळातून बदलून दाखवणे याला तो शब्द शोभतो.

आणि मग ‘संतु रंगीली’. मधु राय यांनी बर्नार्ड शॉच्या ‘पिग्मॅलियन’चे केलेले गुजराती रूप. आपल्याकडे पु. ल. देशपांडे यांनी याच नाटकावरून ‘ती फुलराणी’ केले, १९७५ साली ते रंगमंचावर आले आणि भक्ती बर्वे यांनी मंजुळा अजरामर केली. साधारण त्याच सुमारास गुजराती प्रेक्षक सरिता जोशी यांची संतु पाहत होते. नाटकाची गोष्ट सर्वांना माहीत आहे. अशुद्ध बोलणारी एक गरीब पोर, आणि तिला शिष्ट भाषा शिकवून उच्चभ्रूंच्या मेळ्यात खपवून दाखवण्याची पैज मारणारा एक भाषापंडित. आता असा विचार करा. भक्ती बर्वे मराठी होत्या आणि मराठीतच अशुद्धाकडून शुद्धाकडे गेल्या. सरिताबाईंना आधी गुजरातीतले अशुद्ध अस्सल बोलायचे होते. परभाषा शुद्ध बोलणे शिकवणीने जमते, पण परभाषेतले गावंढळ बोलणे फार कठीण. कारण त्यात प्रत्येक चूक बरोबर व्हावी लागते! आपल्या कोण्या परभाषी मित्राला मालवणी किंवा अहिराणी बोलून दाखवायला सांगा, म्हणजे मी काय म्हणतो ते कळेल. संतु ही सरिताबाईंची सर्वांत गाजलेली भूमिका ठरली. प्रेक्षागृहातल्या किती जणांच्या ध्यानात आले असेल, की भाषा शिकणाऱ्या मुलीचे हे सोंग जी बाई वठवते आहे तिच्या घरची भाषाच वेगळी होती?

थोरल्या बहिणीची गोष्टही याच वाटेने गेली. पद्मा भोसले ‘पद्माराणी’ झाल्या, नामदार इराणी यांच्याशी त्यांचा विवाह झाला, आणि गुजराती नाटक-चित्रपटांतले ते एक मोठे नाव बनले. त्यांचे सर्वांत नावाजलेले नाटक कोणते? ‘बा रिटायर थाय छे’. म्हणजे आपल्या अशोक पाटोळे यांचे ‘आई रिटायर होतेय’. मराठी नाटककाराने लिहिलेली, भक्ती बर्वे यांनी मराठीत उभी केलेली आई गुजरातीत गेली आणि तिथे ती मराठी घरातल्याच मुलीने उभी केली. पद्माराणी २५ जानेवारी २०१६ रोजी गेल्या. मराठीत त्यांच्यावर फारसे कोणी लिहिलेले माझ्या वाचनात आले नाही. गुजराती नाटक कसे मराठीवरून उचललेले असते याचे टोमणे मात्र मी अनेकदा वाचले आहेत.

प्रवीण जोशी १९७९ साली अकाली गेले. ऐन भरात असलेला दिग्दर्शक गेला की त्याच्या नाटकांतली नटीही पुष्कळदा संपते. मराठीतही अशी उदाहरणे सापडतील. सरिताबाई संपल्या नाहीत. पदरात मुली होत्या, रंगभूमी सोडून दुसरा व्यवसाय माहीत नव्हता. त्या काम करत राहिल्या. १९८८ साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार त्यांना मिळाला, तो गुजराती रंगभूमीवरील अभिनयासाठी. त्यांच्या मुली केतकी दवे आणि पूरबी जोशी याही पुढे पडद्यावर नावारूपाला आल्या. सरिताबाई स्वतः मोठ्या पडद्यावर मणिरत्नमच्या ‘गुरू’मध्ये (२००७) दिसल्या, ‘दसविदानिया’मध्ये (२००८) विनय पाठकची आई झाल्या. आणि साठी ओलांडल्यावर, जेव्हा बहुतेक नट्या आठवणी सांगू लागतात, तेव्हा ‘बा’ने त्यांना देशभर पोहोचवले. मजा पाहा, मराठी खेड्यात ‘बा’ म्हणजे बाप आणि गुजराती घरात ‘बा’ म्हणजे आई. गोदावरी ठक्करची सत्ता पाहताना मला वाटायचे की मराठी अर्थानेही हे नाव तिला चालले असते.

इथे सातासमुद्रापलीकडचे एक उदाहरण आठवते. तुर्कस्तानचा हलूक बिल्गिनर हा असाच नाटक, सिनेमा आणि दूरदर्शन या तिन्हींत वावरणारा नट. ऐंशीच्या दशकात तो लंडनमध्ये होता आणि बीबीसीच्या ‘ईस्टएंडर्स’ या लोकप्रिय मालिकेत मेहमेट उस्मान नावाच्या पात्राचे काम करत होता. नंतर तो मायदेशी परतला, २०१४ साली कान महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक मिळवणाऱ्या ‘विंटर स्लीप’चा नायक झाला, आणि २०१९ साली एका तुर्की मालिकेतल्या भूमिकेसाठी त्याने आंतरराष्ट्रीय एमी पुरस्कार पटकावला. पण एक फरक आहे. इंग्रजी मालिकेत त्याला तुर्की वळणाचेच पात्र मिळाले होते. तो परका होता आणि परक्याचेच काम करत होता. सरिताबाईंना गुजराती प्रेक्षकांनी परकेपणाची सवलत दिली नाही आणि त्यांनी ती मागितलीही नाही. त्यांनी घरातल्या बाईचे काम केले, आणि ते असे केले की घरच्यांनी त्यांना घरातली मानले.

गुजरातीने आपली माणसे आपलीशी केल्याचे हे पहिले उदाहरण नव्हे. दत्तात्रेय बाळकृष्ण कालेलकर, म्हणजे काकासाहेब, हे मूळचे सावंतवाडीकडचे. आमच्या अगदी शेजारचे. १९१० च्या सुमारास बडोद्याच्या गंगनाथ विद्यालयात ते शिकवायला गेले, पुढे गांधीजींच्या सहवासात गुजरातीत इतके उत्तम लिहू लागले की त्यांना ‘सवाई गुजराती’ ही पदवीच चिकटली. १९६५ सालचा साहित्य अकादमी पुरस्कार त्यांना गुजराती ग्रंथासाठी मिळाला. कालेलकरांचा मराठी माणसाला अभिमान असतो. मग सरिता आणि पद्मा या भोसले भगिनींचा का नसावा? मला वाटते याचे कारण असे की लेखकाचे परभाषेतले काम ग्रंथरूपाने कपाटात राहते, ते दाखवता येते. नटीचे काम श्वासात असते, पडदा पडला की गेले. आणि दुसरे कारण जरा टोचणारे आहे. परभाषेत जाऊन लिहिणाऱ्याला आपण विद्वान म्हणतो. परभाषेत जाऊन नाटकात काम करणाऱ्या मुलीला, विशेषतः ती पोटासाठी गेली असेल तर, आपण हिशेबातच धरत नाही.

उलट दिशेनेही ही वाट चालू होती, हे विसरू नये. मंगेशीच्या मास्टर दीनानाथांनी मराठी रंगभूमी गाजवली आणि त्यांच्या घरी आली ती थाळनेरच्या हरिदास लाड या गुजराती व्यापाऱ्याची मुलगी. म्हणजे लता, आशा यांच्या गळ्यातल्या मराठीला आईकडून गुजराती पाणी मिळालेले आहे. आपण त्यांना कधी अर्ध्या गुजराती म्हणून दूर केले का? उलट मराठीचा उच्चार कसा असावा याचा दाखला म्हणून लताबाईंचेच नाव घेतो. मग तोच न्याय बडोद्याच्या भोसल्यांच्या मुलींना लावून, गुजरातीने त्यांना पूर्णपणे आपले म्हटले याचा आनंद आपणही मानायला हरकत नाही.

सरिताबाईंच्या कारकिर्दीतली मला सर्वांत भिडणारी गोष्ट अजून सांगायची आहे. नादिरा जहीर बब्बर यांनी लिहिलेले आणि दिग्दर्शित केलेले ‘सकुबाई’ हे हिंदी एकपात्री नाटक. मुंबईत धुणीभांडी करणारी एक कामवाली मालकिणीच्या घरातली कामे उरकता उरकता आपले आयुष्य सांगते. आई, बहीण, नवरा, मुलगी, शेजारणी, मालकीण अशी सगळी माणसे ती एकटीच उभी करते. सकुबाई हे नाव ऐकल्याबरोबर ती कुठली हे सांगावे लागत नाही. सरिताबाईंनी या नाटकाचे प्रयोग वर्षानुवर्षे केले. सारी हयात गुजराती म्हणून वावरलेली ही नटी इथे हिंदी नाटकात मराठी बाई झाली. तिच्या हिंदीतून जे मराठी वळण डोकावते ते कमावलेले की आठवलेले? मला विचाराल तर दोन्ही. नट सोंगासाठी लागणारा माल कुठून आणतो? आपल्याच माजघरातून. पैसे नसलेल्या घरात बायका कशा बोलतात, अपमान गिळून हसतात कशा, हे पाहायला सरिता भोसलेला कुठल्या शाळेत जायची गरज नव्हती.

२०२० साली भारत सरकारने सरिता जोशी यांना पद्मश्री जाहीर केली. त्या यादीत नावापुढे क्षेत्र लिहिले होते कला, आणि राज्य लिहिले होते महाराष्ट्र. गुजराती रंगभूमीची सम्राज्ञी सरकारदरबारी महाराष्ट्राची! काहींना यात विसंगती दिसली असेल. मला नाही दिसली. पुण्यात जन्म, बडोद्यात बालपण, मुंबईत कर्तृत्व आणि आईच्या बाजूने गोवा, अशा बाईचे राज्य कोणते लिहायचे?

गोव्यात आम्ही भाषेवरून पुष्कळ भांडलो. १९६७ चा जनमत कौल झाला, १९८७ चा राजभाषा कायदा झाला, तरी अजून कोणी मातृभाषा विचारली की आधी समोरचा कोणत्या बाजूचा हे पाहून आम्ही उत्तर देतो. घरात कोकणी, शाळेत आणि भजनात मराठी, अशी दोन भाषांची जीभ घेऊन आमच्या पिढ्या वाढल्या. त्यातली खरी कोणती हे ठरवण्यात आमची उमेद खर्ची पडली. बडोद्याच्या मराठी-गुजराती मुलांपुढेही हाच प्रश्न होता. भोसल्यांच्या धाकट्या मुलीने त्याचे उत्तर वादात दिले नाही. तिच्या पुढ्यात जी भाषा आली ती तिने अशी बोलून दाखवली की त्या भाषेची माणसे तिला ‘बा’ म्हणू लागली. आणि नंतर सकुबाईच्या रूपाने जुनी बोलीही तिच्या तोंडी सुखरूप असल्याचे कळले. दुसरी भाषा मनापासून आपली केल्याने पहिली मरत नाही. माझ्या गोव्यातल्या मित्रांना हे पटवण्यासाठी यापुढे मी कोणताही सिद्धान्त सांगणार नाही, सरिताबाईंचे नाव सांगेन.